मेंढ्यांच्या दुकानात मेणबत्त्या

ग्लेनिस पॉवेलवर अन्याय झाला तो यंदाच्या मार्चमध्ये, लँबिंग (मेंढ्या विण्याचा हंगाम) ऐन भरात असताना, एका मंगळवारी सकाळी दुकान उघडताक्षणी. आई मेलेल्या दोन कोकरांसाठी दुधाची पावडर घ्यायला ती गावातल्या नेहमीच्या दुकानात गेली. पावडरच्या फळीवर लॅव्हेंडरच्या मेणबत्त्या मांडलेल्या होत्या.

हे मला कळलं पटवर्धनकाकांच्या फोनवरून. काका बाबांचे मित्र. वेल्सच्या सीमेवरच्या त्या गावात त्यांची सगळी डॉक्टरकी गेली, आणि आता रिटायर होऊन ते मेंढ्या पाळतात. "अगं सायली, ब्रिस्टलच्या ऑफिसात बसून ग्राहकहक्कांची नुसती पत्रकं काय लिहितेस? इथे येऊन बघ की," म्हणाले. मी गेले.

निघण्याआधी प्रकरण सांगते, म्हणजे पुढे अडणार नाही. शेतीसामानाची, म्हणजे पशुखाद्य, कुंपणाची तार, जनावरांची औषधं अशी दुकानं चालवणाऱ्या दोन मोठ्या कंपन्या एक झाल्या. काकांच्या गावात दोघींचंही एकेक दुकान होतं. दोन्ही एकाच मालकाकडे गेली तर शेतकऱ्याने जायचं कुठे? म्हणून बाजारातल्या स्पर्धेवर नजर ठेवणाऱ्या सरकारी नियामकाने अट घातली: खुशाल एक व्हा, पण अशा गावांतलं एक दुकान दुसऱ्या कुणाला तरी विका. अट चांगलीच आहे. कंपनीने ती पाळलीसुद्धा! दुकान विकलं ते बागेच्या कुंड्या आणि गिफ्ट विकणाऱ्या एका चेनला. नकाशावर ठिपके अजूनही दोन. सगळे खूश.

शनिवारी सकाळी ब्रिस्टलच्या टेम्पल मीड्स स्टेशनवरून ट्रेन पकडली. सेव्हर्न नदीखालच्या बोगद्यातला अंधार संपला आणि पलीकडे वेल्स हजर, तोही चक्क उन्हात. न्यूपोर्टनंतर डोंगर सुरू झाले. डोंगर कसले, हिरव्या उशा टाकल्यासारखे, आणि त्यांवर पांढरे ठिपके. प्रत्येक ठिपका चरत होता. ट्रेननंतर बस. बसवाल्याने माझ्या पायांकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"फार्मवर चाललीस?"

"हो."

"या शूजमध्ये?"

पांढरे ट्रेनर्स होते, नवे. बस स्टॉपवर उतरले ती थेट शेणात. काका गाडीला टेकून उभे होते आणि मनापासून हसत होते. "वेलकम! हा इथला स्टँप. त्याशिवाय गावात घेत नाहीत." गाडीच्या मागच्या सीटवर गवताची गासडी होती. सीटबेल्ट लावलेली. "नाहीतर तो बीप वाजत राहतो गं."

घरी काकूंनी लीकची थालीपीठं केली होती. लीक म्हणजे कांद्याच्या पातीचा आडदांड भाऊ. त्यांवर इथलंच खारट लोणी. मी चार खाल्ली. काकूंनी त्यांच्या वेलिंग्टन बुटांची जोडी दिली आणि वर बजावलं, "अहो, तिला तिथे भाषण करू देऊ नका हं."

"अगं, भाषण करायलाच बोलावलंय तिला!"

ग्लेनिस विकलेल्या दुकानाच्या दारातच भेटली. साठीची, बुटकी, आवाज मात्र डोंगराच्या पलीकडे पोचेल असा. "ये, बाख (वेल्शमध्ये लाडाने म्हणतात, आपल्या 'बाळा'सारखं). तुला संग्रहालय दाखवते."

आत छान वास होता. तिथेच माझं डोकं फिरलं. शेतीच्या दुकानाला छान वास येतो? मेंढीच्या आकाराच्या उशा. मेंढीचं चित्र असलेले मग. मेंढीच्या लोकरीचे कुत्र्यांचे कोट.

"बघ," ग्लेनिस म्हणाली, "सगळं मेंढीचं आहे. मेंढीसाठी काही नाही."

काउंटरवरची मुलगी बिचारी ओशाळली. "गिनी पिगचं खाणं आहे आमच्याकडे."

"गिनी पिग विणार असेल तेव्हा येते हं, लव्ह."

मी जंताच्या औषधाचं विचारलं. मिळत नाही. ते विकायला परवानाधारक माणूस लागतो. तशी एक बाई या दुकानात होती, पण विक्रीच्या आधीच कंपनीने तिची बदली स्वतःच्या दुसऱ्या दुकानात करून टाकली. म्हणजे भिंती विकल्या, दुकान ठेवून घेतलं. हे मी मोठ्याने बोलले. उशा बघणाऱ्या दोन बायकांनी टाळ्या वाजवल्या. काका म्हणाले, "झालं हिचं भाषण."

मग आम्ही कंपनीच्या दुकानात गेलो, गावाच्या दुसऱ्या टोकाला. तिथला वास बरोबर होता: पेंड, रबर, ओली लोकर. बाहेरच ग्लेनिसने मला इथली रीत सांगितली. काउंटरवर भाव विचारायचा. "पलीकडे स्वस्त मिळतं" म्हणायचं. तिकडे खरंच जायचं नसतं. नुसतं दाराशी जायचं, कडीवर हात ठेवायचा आणि थांबायचं. मागून हाक येते, "बरं, या परत." इथल्या प्रत्येक घराने पेंड अशीच घेतलेली आहे.

मला इतकं ओळखीचं वाटलं! लंडनमधल्या ईलिंगची माझी मामी भाजीवाल्याकडून अशीच वळते.

"आता गंमत बघ," काका म्हणाले. ते काउंटरपाशी गेले. पलीकडे डेरेक होता, त्यांचा जुना पेशंट.

"डेरेक, पेंडीचा हा भाव? पलीकडे कमी आहे."

"असेल की, डॉक्टर."

काका वळले. आरामात दाराशी गेले. कडीवर हात ठेवला. थांबले. रांगेतले शेतकरी बघायला लागले. डेरेक काउंटर पुसत राहिला.

"जातो मी," काका म्हणाले.

"जा की. येताना मला एक मेणबत्ती आणा. लॅव्हेंडर नको, मला शिंका येतात."

सगळं दुकान हसलं. काकाही हसले, मीही. मग काका दारापासून काउंटरपर्यंत परत आले, सगळ्यांच्या देखत, आणि डेरेकने सांगितलेला भाव मोजला. तेव्हा कुणी हसलं नाही. या माणसाने अर्ध्या गावाची बाळंतपणं केली आहेत.

मी डेरेकवर तोंड टाकणारच होते. तोच हळू आवाजात म्हणाला, "मलाही हाक मारायला आवडायचं. आधी भाव माझ्या हातात होता. आता हेड ऑफिसकडून स्क्रीनवर येतो. त्यांना माहितीये पलीकडे काय विकतात ते."

ग्लेनिसच्या किचनमध्ये आम्ही बारा ब्रिथ (चहात भिजवलेल्या मनुकांचा केक) खाल्ला, वर जाड लोणी लावून. खिडकीतून तिच्या मेंढ्या दिसत होत्या. मार्चमधली ती दोन कोकरं आता गुबगुबीत झाली होती. पावडर मिळाली नाही म्हणून काकूंनी माणसांच्या बाळांच्या दुधावर जगवलेली, त्यामुळे माणूस दिसला की बाटली मागतात. एकाने माझा स्कार्फ चावून ठेवला.

"अर्धा कळप शरदातल्या जनावरांच्या बाजारात विकायला काढायचा म्हणते," ग्लेनिस केक कापता कापता म्हणाली. "पेंडीचा भाव ते ठरवणार, औषध मिळेल तेव्हा मिळणार. एवढ्या मेंढ्या नाही पोसता येत."

"आणि पलीकडे नीट दुकान झालं तर?"

"तर एकही विकणार नाही. ती स्कार्फवाली तर मुळीच नाही."

रविवारी संध्याकाळी परतले. पिशवीत केक, पायात अजून काकूंचेच बूट. पुढच्या शनिवारी ईलिंगला मामीबरोबर मुद्दाम भाजीला गेले. भेंडीचा भाव ऐकून मामी वळली, आणि दोन पावलांत हाक आली, "ओ आंटी, या ना!" मामी माझ्याकडे बघून डोळा मिचकावते आहे, आणि मी बघते आहे शेजारच्या दुकानाकडे. तिथेही भेंडी होती. ताजी. मामीच्या ऐटीत अर्धा वाटा त्या भेंडीचा आहे. तिथे उद्या कुणी मेणबत्त्या मांडल्या तर मामीला कोण बोलावतंय?

तर ऐका. तीच कंपनी आता आणखी गावांतली दुकानं त्याच चेनला विकायला निघाली आहे. नियामकाने त्यावर लोकांची मतं मागवली आहेत. मतं कुणाचीही चालतात, मेंढी असलीच पाहिजे असं नाही. लंडनजवळ मेडनहेडला राहून सकाळी चहात दूध घालत असाल तरी तुमचा संबंध आहे, त्या दुधाच्या गाईंची पेंडही अशाच दुकानांतून येते.

हे वाचून झालं की आपल्या मराठी मंडळाचा हा अंक बाजूला ठेवा आणि नियामकाला ईमेल लिहा. इंग्रजी कसंही असू दे. एवढंच मागा: दुकान घेणाऱ्याने पेंड आणि औषध ठेवलंच पाहिजे, परवान्याची बाई दुकानाबरोबरच गेली पाहिजे, आणि ग्लेनिसच्या गावातला व्यवहार पुन्हा तपासला पाहिजे. शरदातला बाजार भरायच्या आत लिहा. आज लिहा.