डब्यातली जास्वंद

आमच्या गल्लीतला माळी फुलझाडं लावायची वेळ कधी चुकला नाही. भर उन्हाळ्यात कुणी रोप आणलं, की तो ते सावलीत ठेवायला लावी आणि रोज येऊन मातीत मनगटापर्यंत हात खुपसी. आतून गार लागली तरच खड्डा. कुणी घाई केली तर म्हणे, "रोप तुमचं, पण माती माझं ऐकते." माझ्या कुंपणाची चाळीस झुडपं त्यानेच लावली, एकही दगावलं नाही.

त्याच्या स्वतःच्या खोलीत मात्र खिडकीशी, तेलाच्या रिकाम्या डब्यात, एक जास्वंद सात वर्षं तशीच पडून होती. पानं नखाएवढी, कळीचा पत्ता नाही. बायकोने आणलेली. आजारी होती ती. खाटेवरून दिसेल अशी अंगणात लाव, म्हणायची. रोज सकाळी विचारी, "आज का?" आणि हा म्हणे, "थांब, माती तापलीय." एकोणीस दिवस थांबली बिचारी, मग गेली.

हे मला कळलं यंदा, छाटणीसाठी त्याला बोलवायला गेले तेव्हा. आत तो एकटाच बोलत होता, "आज नको गं, वारा आहे."

"कुणाशी बोलतोस रे?"

"ती विचारते ना, बाई. रोज सकाळी."

त्याने सगळं सांगितलं. असला घोळ मला सहन होत नाही. "अरे शहाण्या, झाड मरायला टेकलंय! चल अंगणात. घाल हात मातीत आणि सांग, आज वेळ आहे की नाही?"

त्याने हात खुपसला. बराच वेळ काढलाच नाही.

"आहे," म्हणाला. मातीबद्दल खोटं बोलणं त्याला जमत नाही.

डबा कापला. मुळं गोल गोल फिरून डब्याच्याच आकाराची झाली होती. त्याने ती सुरीने मोकळी केली, रोप लावलं, पाणी घातलं. काम फत्ते, म्हणून मी घरी आले.

आठवड्याने तो फाटकात उभा. दाढी वाढलेली.

"जगली का जास्वंद?"

"जगली. दोन पानं फुटलीत." मग खालच्या आवाजात, "बाई, ती आता काही विचारत नाही."

त्याला हे आधीच ठाऊक असणार. म्हणून तर सात वर्षं कधी ऊन आडवं येई, कधी वारा. ठाऊक नव्हतं ते मला.

मी कात्री दिली. तो छाटणीला बसला. दर झुडपाशी कान नेऊन, थोडं थांबून, मगच कात्री चालवत होता.