चावी मीच काढली

मी रेल्वेत चावीवाला होतो. रूळ जागेवर धरून ठेवणाऱ्या लाकडी पाचरीला आम्ही चावी म्हणायचो. मळवलीपासून लोणावळ्याच्या बाजूला रोज चालत जायचं आणि सैल झालेली प्रत्येक चावी हातोड्यानं ठोकून घट्ट करायची, एवढंच माझं काम. चळवळीचे दिवस होते. एका दुपारी आमच्या हद्दीतल्या सात चाव्या कुणीतरी काढल्या. गाडी वाचली, पण पोलीस मला घेऊन गेले.

मारलं असतं तर बरं झालं असतं. फौजदार मला भाऊ म्हणायचे, चहा पाजायचे. फक्त डोळा लागला की हलवून उठवायचे आणि पुन्हा तोच प्रश्न. मी त्या दिवशी तापानं फणफणून घरी पडलो होतो, हे सांगून जीभ सुकली. तिसऱ्या दिवशी ते मायेनं म्हणाले, "भाऊ, तापात माणूस उठून जातो, त्याला आठवत नाही. तुमची बायकोच म्हणाली, तुम्ही अंथरुणात नव्हता."

चोर सोडून संन्याशाला फाशी, असं मी आधी चिडून म्हणत होतो. आता संन्याशालाच वाटायला लागलं, आपणच चोर. मला सगळं दिसायला लागलं. तापलेली खडी, माझा हातोडा, खाली पडलेली चावी. कबूल केलं तेव्हा, सांगायला लाज वाटते, हायसं वाटलं. आता झोपू देतील.

साक्षीला आमच्या म्हाताऱ्या मुकादमाला बोलावलं. चावी बसवलेला रुळाचा तुकडा समोर ठेवून फौजदार म्हणाले, काढून दाखवा. मी हातोडा घातला, पुन्हा घातला. चावी आणखीच आत गेली. बारा वर्षं हाताला ती एकच बाजू ठाऊक होती.

मुकादम म्हणाला, "सायब, ह्यो चावी बसवतोय. काढत न्हाई."

मी त्याच्यावरच खेकसलो, "आबा, तुमी गप ऱ्हावा! म्याच काढलीय!"

फौजदारांनी लेखणी खाली ठेवली. दोन दिवसांनी मला सोडलं.

घरी पाऊल टाकताच बायकोला विचारलं, "त्या दिशी मी कुटं गेलतो?"

"कुटं जानार? दिसभर डोकं माज्या मांडीवर हुतं तुमचं. मला कुनी इचारलं बी न्हाई."

ती जन्मात कधी खोटं बोलली नव्हती. तरी मला वाटलं, ही मला पाठीशी घालतेय.