बुडालेला रोज

नांदेडहून निघालेली एसटी मुखेड, जळकोट करत उदगीरला पोचली, तेव्हा मी धुळीनं माखले होते. कॅमेरा मात्र ओढणीत गुंडाळून जिवापाड जपला होता. रोजंदारीच्या मजुरांवर मला माहितीपट करायचा होता. त्याच संध्याकाळी कांताबाई आणि रहीमचाचांशी ओळख झाली. कांताबाई बांधकामावर घमेली वाहतात, चाचा गवंडी.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मजूर नाक्यावर गेले. हातात डबे घेतलेली माणसं कामाची वाट पाहत उभी होती. कडेला बसलेल्या कांताबाई आणि चाचांच्या थकलेल्या चेहऱ्यांवर मी कॅमेरा रोखला. तेवढ्यात एक ठेकेदार मोटारसायकलवरून आला. कॅमेरा दिसताच त्यानं तोंड वाकडं केलं आणि पलीकडच्या चौघांना घेऊन गेला. हळूहळू नाका रिकामा झाला. ही दोघं तशीच राहिली.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "मावशी, माझ्यामुळं तुमचा रोज (दिवसाची मजुरी) बुडाला."

"बुडला की," कांताबाई सरळच म्हणाल्या. "पर ताई, सकाळपास्नं तुमी आमाला बसलेलंच टिपून राहिल्या. आमी काय नुसतं बसतो व्हय? चला, काम दावते."

त्यांनी मला एका दुमजली शाळेत नेलं. शिपाई ओळखीचा निघाला, त्यानं आत सोडलं. छताकडे बोट करून कांताबाई म्हणाल्या, "ह्या स्लॅबचा माल म्या डोस्क्यावर वर नेलाय. लेक पोटात व्हती तवा. आता ती हितंच सातवीत हाय."

चाचांनी व्हरांड्याच्या भिंतीवरून सावकाश तळहात फिरवला. "हा गिलावा (प्लास्टर) माझा. इतके पावसाळे गेले, एक भेग न्हाई. देखो, हात लावून बघा." मी हात लावला. मग ते म्हणाले, "हां, आता घ्या फोटू." मी कॅमेरा सुरू केला, तसा त्यांचा तळहात पुन्हा भिंतीवरून फिरला.

दुपारी तिथंच डबे उघडले. भाकरी, अंबाडीची भाजी, चाचांच्या डब्यातली खट्टी दाल. "लाजू नका, लई हाय," असं म्हणत कांताबाईंनी अर्धी भाकरी माझ्या हातावर ठेवली. कॅमेरा बंद करून मी पोटभर जेवले.

परतीच्या दिवशी निरोप घ्यायला सकाळी नाक्यावर गेले, तर दोघांचाही पत्ता नाही. चहावाला म्हणाला, "गेले की कवाच! नव्या बांधकामावर, दोघं बी."

ज्यांना भेटायला मी गेले, ते भेटले नाहीत, याचा इतका आनंद मला कधी झाला नव्हता. पुण्यात आल्यावर नाक्यावरचं बरंचसं चित्रण मी कापून टाकलं. माहितीपट आता भिंतीवरून फिरणाऱ्या एका तळहातापासून सुरू होतो.