गवारीची भाजी

१६ फेब्रुवारी. सरलाताईंकडे गवार मोडत बसले होते. निवडणुकीच्या हाणामारीत त्यांचा नवरा मारला गेला. त्याच्यावरच्या सिनेमाची पटकथा मी लिहिते आहे. मोडता मोडता मी त्यांना त्या दिवशी त्याच्या घरून निघण्याचा प्रसंग ऐकवला. तो दारात थांबतो, वळून हसतो, "लवकर येतो" म्हणतो.

सरलाताईंना हसू आलं. "अहो मॅडम, हा कुणाचा नवरा? आमचे तर भाजी खारट म्हणून ताट ढकलून गेले. मीपण म्हटलं, जा, परत येऊ नका."

हातातली शेंग मोडायची राहून गेली.

"मग खरं तेच लिहिते," मी म्हटलं.

"नको. तिथं तरी हसून जाऊ देत."

असली भांडणं घरोघरी रात्रीच्या जेवणापर्यंत मिटतात. मारणाऱ्यांनी हे एक कायमचं ठेवून दिलं. सिनेमा बघून ते काठ्या टाकतील, असं मला आता वाटत नाही. बघतील, बाहेर भेळ खातील आणि पुढच्या निवडणुकीला पुन्हा निघतील.

१७ फेब्रुवारी. सकाळी मी त्याचं हसणं तसंच ठेवलं. पुढच्या पानावर चौकात काठ्या घेऊन जमाव उभा होता. तोही तसाच ठेवावा लागला.