स्वस्त झालेली गोळी

आईची फिटची गोळी मंगळवारी स्वस्त झाली आणि शुक्रवारी सोलापुरात मिळेनाशी झाली. स्वस्त झाल्याची बातमी मीच दिली होती. सरकारी पत्रकात किमतीची कमाल मर्यादा होती, मथळ्यात मी दिलासा घातला. गोळी दुकानात आहे का, एवढंच विचारायचं राहिलं.

वडील चादरीच्या कारखान्यातून निवृत्त झालेले. लेकीची बातमी कापून खिशात ठेवायची त्यांची जुनी सवय. तेच कात्रण घेऊन ते नेहमीच्या औषध दुकानात गेले.

"काका, त्या गोळीचा माल येत न्हाय. ही घ्या. औषध तेच, पोटात सावकाश विरघळती."

भाव दुप्पट होता.

"सरकारनं कमी केलाय की! हे बघ, पोरीनं लिहिलंय."

"मग पोरीकडनंच घ्या की काका. कमी केला ती येत न्हाय. येती ती सरकारच्या यादीत न्हाय."

नियमाप्रमाणे दुकानदार बरोबर होता. भाव बांधला जातो तो यादीतल्या गोळीचा. तीच सावकाश विरघळू लागली की यादीबाहेर जाते. आजार यादी बघून येत नाही, हा त्याचा दोष.

वडिलांनी सात रस्ता चौकापर्यंत पाच दुकानं पालथी घातली आणि मला फोन केला. मी औषधांचे भाव बांधणाऱ्या सरकारी कार्यालयाला विचारलं. अधिकारी सौजन्यानं म्हणाले, "मॅडम, उत्पादन बंद केल्याची नोटीस कंपनीनं दिलेली नाही. म्हणजे गोळी बाजारात उपलब्ध आहे."

हे उत्तर मी वडिलांना जसंच्या तसं कळवलं.

"बघ, हाय म्हणतात," ते आईला म्हणाले.

"पाकिटात दोनच उरल्यात. घ्या की ती महागाची."

"थांब गं. छापून आलंय, म्हणजे येणारच."

"तुमी बसा लेकीचा पेपर धरून. मी पडते हितं."

शनिवारी पाकीट संपलं. सोमवारी सकाळी चहा गाळताना आईला फिट आली. ओट्याची कड लागून कपाळाला चार टाके पडले.

बातमीत चूक नव्हती, त्यामुळे खुलासा छापला गेला नाही. गोळी कार्यालयाच्या नोंदीत अजून उपलब्ध आहे.

डॉक्टरांनी सावकाश विरघळणारी गोळी महिनाभरासाठी लिहून दिली. वडिलांनी दहाच दिवसांची घेतली; तोवर स्वस्तातली येणारच, म्हणाले.