काजवा दलाचा फितूर

बावीस वर्षे सगुण पोस्टमनने देवळाच्या उत्सवातल्या नाटकाला प्रॉम्प्टिंग केले, आणि बावीस वर्षांत त्याला कोणी तोंडाला रंग लाव म्हणून सांगितले नाही. यात कोणाचा दुष्टपणा नव्हता. गोव्यात हळर्णपासून तासाभराच्या वाटेवरच्या त्या गावात सात वांगड होते, म्हणजे गावकऱ्यांची सात मूळ घराणी, आणि नाटकातली कामे हा वांगडांचा मान. सगुण मूळचा सर्वणचा. पद्मावतीशी लग्न करून सासऱ्याच्या घरी राहायला आलेला. घरजावयाला वांगड नसतो. त्याला विंगेतले स्टूल असते.

राजभाषा मराठी की कोंकणी, या आंदोलनाच्या वर्षी मात्र गावाला नाटक मिळेना. कोणतेही काढले तरी त्यातले काहीतरी कोणाला तरी टोचे. मराठीवाले आणि कोंकणीवाले एकमेकांना फितूर म्हणत होते. तेव्हा सगुणने कोणालाच टोचणार नाही असा एक देश स्वतःच रचला. त्याचे नाव मेघवण. तिथल्या आकाशाला दोन चंद्र, त्यातला एक राजाने पेटीत कुलूप घालून ठेवलेला. तो सोडवायला निघालेली गुप्त संघटना म्हणजे काजवा दल. शेवटी फितुरी होते, दल पकडले जाते आणि एकेक वीर मरतो.

गावाला नाटक बेहद्द आवडले. वांगड सात, म्हणून बंडखोर सात. प्रत्येकाला मरताना अठरा ओळींचे भाषण, आणि त्या ओळी गावकऱ्यांनी स्वतः मोजून घेतल्या. एका वीराच्या भाषणात ‘हे मातृभूमी’ दोनदा आले, तेव्हा उरलेल्या सहांनाही ते दोनदा घालून द्यावे लागले. तालमीतली भांडणे घरच्या बोलीत व्हायची, मरण मात्र शुद्ध मराठीत. राजाचे काम विनायक दुकानदाराला मिळाले, कारण मुकुट त्याच्या घरचा होता.

अडले ते फितुरावर.

“आमच्या वांगडातलो फितूर? ह्या वर्सा?” गावचे थोरले नारायण गावकर म्हणाले. “उद्या पोरांक रस्त्यार काय म्हणतले?”

सातही वांगडांचे हेच म्हणणे पडले. मग नारायणांची नजर सगुणवर आली. “सगुणा, तूच कर मरे. तुका वांगड नाय. तुज्या फितुरीन कोणाक बट्टो लागचो नाय.”

हे त्यांनी अगदी मायेने सांगितले, म्हणून जास्तच लागले. सगुण घरी येऊन जेवला नाही.

“बावीस वर्सांनी ह्या गावान माका काम दिलां,” तो पद्मावतीला म्हणाला, “तांय फितुराचां.”

पद्मावती गावकऱ्यांची लेक. तिने सोलकढीची वाटी पुढे सरकवली.

त्या दिवसांत कुठे कधी रस्ता अडेल याचा भरवसा नव्हता. पोलिसांनी बजावले, दिवेलागणीच्या आत सगळे आटपा. त्यामुळे नाटक दुपारी तीनला उभे राहिले. काजवा दलाच्या गुप्त गुहेवर लख्ख ऊन पडले होते. पेटीबाहेरचा चंद्र पत्र्याच्या झाकणाचा होता, आणि तो इतका चमकत होता की पुढच्या बायकांनी डोळ्यांवर पदर घेतले. विंगेतल्या स्टुलावर कोणी नव्हते.

“बोल!” राजा गरजला. “काजवा दलाचा नायक कोण?”

सगुणने बोट दाखवून नाव घ्यायचे, एवढेच त्याचे काम. ओळ त्याने स्वतः लिहिली होती आणि ती त्याला चोख पाठ होती. पण समोर सगळे गाव बसले होते. यांच्याच दारांत त्याला उद्या टपाल घेऊन जायचे होते, आणि दार उघडणारा आत हाक देणार होता, फितूर इलो गे!

“मारा मला,” सगुण म्हणाला. “नाव मिळणार नाही.”

विनायकने विंगेकडे पाहिले. तिथे सांगणारे कोणी नव्हते. त्याने तोच प्रश्न आणखी दोनदा विचारला. गुहेतून दबके आवाज यायला लागले, “सांग मरे, सांग!” अखेर दलाचा नायक स्वतःच बाहेर आला आणि म्हणाला, “हांव नायक! माका धर!” पण राजाने त्याला धरले नाही, कारण नाटकात तसे नव्हते. राजाला पुढचे एकच वाक्य येत होते, ‘याला सुळावर चढवा’. ते त्याने म्हटले. सगुणला मरतानाचे भाषण नव्हतेच, तो मुकाट्याने मेला आणि पडदा पडला.

बायका रडल्या. सात वीर मात्र जिवंत राहिले आणि भयंकर संतापले. दोन महिने घोकलेल्या एकशे सव्वीस ओळी त्यांच्या पोटातच राहिल्या होत्या.

दुसऱ्या सकाळी देवळाच्या चौकात सात वांगडांची बैठक बसली. देवाच्या कार्यात मोडता घातला म्हणून सगुणला बोलावून आणले. पण तिथेही अडले.

“भायल्याक दंड घालूक येणा नाय,” नारायण म्हणाले. “दंड गावकाराक. भायल्याक आपलां सांगूचां, परत येव नको.”

सगुण तर बाहेरचाच, त्याचे बावीस वर्षांचे स्टूलही आता जाणार होते.

“म्हणजे ह्यो तसोच सुटतलो?” दलाचा नायक ओरडला. सातही वांगडांना ते सहन होण्यासारखे नव्हते. बराच वेळ कडाक्याचा वाद झाला. शेवटी नारायण वैतागून आपल्या चटईवर बाजूला सरकले.

“सगुणा, हय ये. आमच्या वांगडात बस. मगे बघतंय तुका कसो दंड जायना तो.”

बाकीच्या सहा वांगडांनी रागाच्या भरात लगेच होकार दिला. सगुण चटईवर जाऊन बसला. वर्षभर रोज सकाळी देवळाचा चौक झाडायचा, असा दंड ठरला.

सगुण घरी आला तेव्हा पद्मावती दारातच उभी होती. “काय झालां?” तिने विचारले.

“दंड झालो,” सगुण म्हणाला. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होते आणि त्याला हसू आवरत नव्हते. “नारायणमामांच्या वांगडातल्या सगुणाक दंड झालो.”

पद्मावती तिथेच पायरीवर बसली आणि तिने त्याला ते पुन्हा एकदा सांगायला लावले.