"दिसलाच नाहीत" म्हणे!

माझी वरची कवळी बेसिनमध्ये पडून तिचे दोन तुकडे झाले, तेव्हा डेंटिस्टने मला एक पत्ता दिला आणि म्हणाला, "थेट तिकडेच जा, मी तरी तिकडेच पाठवणार." तशी माझी आणि कवळ्या बनवणाऱ्या ताईंची, सगळ्यांच्या कवळीताईंची, ओळख झाली. त्यांची हकिगत मला थोडी त्यांच्याकडून कळली, थोडी त्यांच्या भावजयीकडून आणि बरीचशी त्यांच्या भावाकडून. भाऊ ती अजूनही तक्रार म्हणूनच सांगतो.

दातांची ती लॅब एका जुन्या इमारतीच्या वरच्या मजल्यावर होती. खिडकीजवळचं टेबल ताईंचं. टेबलावर मेणाच्या पट्ट्या, छोटासा बर्नर, कानशी, पॉलिशचं चाक, आणि सगळ्यावर प्लास्टरची पांढरी भुकटी. मागच्या फडताळात लोकांच्या जबड्यांचे साचे ओळीने मांडलेले. "ही सगळी माझी माणसं," त्या म्हणायच्या. "एक जण उलटून बोलत नाही."

घरी मात्र उलटून बोलणारं माणूस होतं. ताईंनी लग्न केलं नव्हतं. आईवडिलांच्या घरात मागची खोली त्यांची, पुढच्या दोन खोल्यांत धाकटा भाऊ आणि भावजय. भाऊ मोटार चालवायला शिकवायचा. त्याच्या पांढऱ्या गाडीच्या टपावर शिकाऊ चालकाची पाटी होती आणि त्याच्या पायाशी वेगळा ब्रेक होता. दिवसभर दुसऱ्यांच्या चुकांवर तो ब्रेक दाबून दाबून त्याचा स्वभावही तसाच झाला होता. कुणी काही करायला निघालं की याचा पाय आधी खाली.

ताई कामाला सायकलने जायच्या. हिरवी, समोर टोपली असलेली सायकल, आणि पुढच्या चाकाला घासून चालणारा डायनामोचा दिवा. वाट ठरलेली: मोठा रस्ता, रेल्वेपुलाखालचा बोगदा, मग वखारींच्या मागची अरुंद गल्ली.

हिवाळ्यातली संध्याकाळ. लवकर अंधारून आलं होतं. एका गल्लीच्या तोंडाशी ट्रकला वाट द्यायला ताई थांबल्या. डायनामोचं दुखणं असं की चाक फिरेल तोवर उजेड; चाक थांबलं की दिवाही मेला. तेवढ्यात गल्लीतून एक करड्या रंगाची गाडी वळली आणि सरळ ताईंच्या अंगावर आली. डोळ्यांसमोर काजवे चमकले. त्या उठून बसल्या तेव्हा डावा हात मनगटातून भलतीकडेच वळला होता आणि समोर एक गृहस्थ वाकून म्हणत होते, "अहो, तुम्ही दिसलाच नाहीत!"

हाताला प्लास्टर घातलं. "आयुष्यभर दुसऱ्यांच्या तोंडांचे साचे ओतले," ताई डॉक्टरला म्हणाल्या, "आता माझाच साचा काढा."

पुढच्या रविवारी ते गृहस्थ घरी भेटायला आले. खुर्चीच्या कडेवर बसून त्यांनी पुन्हा तेच सांगितलं. काळोख होता, बाईंचा कोट काळा होता, दिसल्याच नाहीत. आणि भाऊ मान डोलवत होता! गृहस्थ गेल्यावर ताई त्याच्याकडे वळल्या.

"तू कुणाच्या बाजूचा?"

"बाजूचा प्रश्न नाही ताई. अंधारात सायकल दिसत नाही. मी रोज बघतो ना."

"दिसत नाही, की लोक बघत नाहीत?"

"एकच ते."

"एकच कसं? मी दिसत नसेन तर दोष माझा. ते बघत नसतील तर त्यांचा."

"दोष कुणाचाही असो, हात तुझा मोडला. आता या वयात सायकल पुरे."

संध्याकाळी त्याने सायकल उचलून मागच्या शेडच्या छताला आकड्याने टांगली आणि हात झटकले, जणू विषय मिटला. आपलेच दात नि आपलेच ओठ, बोलणार कुणाला?

प्लास्टर होतं तोवर ताईंना भावाच्या गाडीतून जावं लागलं. भाऊ काटकसरी. त्याने बहिणीची ने-आण शिकवणीच्या तासात बसवली. स्टिअरिंगवर एखादा घामाघूम शिकाऊ, शेजारी भाऊ, मागे गळ्यात हात बांधलेल्या ताई. गाडी आचके देत निघायची आणि आचके देत थांबायची. "बाकीच्यांचे दात मी बसवते," त्या लॅबमध्ये सांगायच्या, "माझे हा खिळखिळे करतोय."

पण मागच्या सीटवर बसून त्यांनी एक काम केलं. काचेतून रस्ता बघितला. बिनदिव्याचा सायकलवाला खरंच अगदी जवळ येईपर्यंत दिसायचा नाही. भावाचं म्हणणं निम्मं खरं होतं. पण ज्याच्या हँडलवर स्वतःच्या बॅटरीवर चालणारा पांढरा दिवा असायचा, तो सिग्नलला थांबलेला असला तरी लांबूनच कळायचा. लुकलुकणारा दिवा नजरेत भरायचा खरा, पण माणूस जवळ आहे की लांब, याचा अंदाज लागायचा नाही. एकदा त्यांनी भावाला विचारलंच, "तो सायकलवाला दिसला का रे तुला?"

"दिसला की. दिवा होता ना त्याच्याकडे."

"हं," ताई म्हणाल्या. भावाला वाटलं, बहिणीला पटलं.

प्लास्टर निघालं त्याच दिवशी ताई परस्पर सायकलच्या दुकानात गेल्या. दुकानदार दाढीवाला, अघळपघळ माणूस. त्याने चार्जिंगचे तीन दिवे काउंटरवर ठेवले आणि तपशील सांगायला लागला. ताईंनी त्याला थांबवलं.

"सगळ्यात प्रखर कोणता?"

"हा. पण बाई, हा रानातल्या वाटांसाठी आहे. चहूकडे उजेड फेकतो. रस्त्यावर समोरच्याच्या डोळ्यांत जाईल."

"जाऊ दे."

"शिवाय पूर्ण ताकदीवर फार वेळ टिकत नाही."

"माझी वाट तरी कुठे लांब आहे! मला कुणी 'दिसलाच नाहीत' म्हणता कामा नये, एवढंच बघा."

दुसऱ्या दिवशी भाऊ कामावर गेल्यावर त्यांनी शेडमध्ये शिडी लावली. मनगट अजून कच्चं होतं. भावजयीने येऊन मुकाट्याने शिडी धरली, सायकल खाली घ्यायला हातभार लावला आणि म्हणाली, "वन्सं, मी काही बघितलेलं नाही हं."

आणि मग ताईंनी रस्ता उजळला. उजळला कसला, पेटवला. समोरून येणाऱ्या गाड्या हळू व्हायच्या, दिवे उघडझाप करून विनवायच्या, पायी चालणारे डोळ्यांवर हात घ्यायचे. कुणी शिवी हासडली तर ताई मनात म्हणायच्या, आता दिसते ना? मग झालं तर! पोटात महिनाभर साठलेला राग त्या हँडलवर लावून फिरत होत्या. दिवा जरासा खाली वाकवावा हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. वाकवायचा नव्हता.

घरी भाऊ रागाने धुमसत होता, पण रोज लॅबमध्ये सोडायची कटकट गेली म्हणून निम्माच बोलायचा.

एका संध्याकाळी वखारींमागच्या गल्लीत समोरून एक गाडी आली. अरुंद जागा, दोन्हीकडे भिंती. ताई नेहमीसारख्या दिवा रोखून चालल्या होत्या. गाडी एकदम वाकडी झाली, करकचून ब्रेक लागला आणि रिकाम्या खोक्यांची एक थप्पी धडाधड बॉनेटवर कोसळली. टपावरची पाटी उजेडात चमकली तेव्हा ताईंच्या लक्षात आलं, गाडी कुणाची ते.

डोळ्यांवर हात धरून भाऊ बाहेर पडला आणि ओरडला, "कोण आहे रे तो गाढव?"

"तो नाही, ती आहे," ताई म्हणाल्या.

"ताई?" तो दोन पावलं पुढे आला. "वा! काय उजेड पाडलास!"

गाडी चालवायला शिकणारा एक बेकरीवाला होता. पन्नाशीचा, भला माणूस. स्टिअरिंगवरचे हात काही केल्या सुटत नव्हते त्याचे. ताईंनी दिवा बंद केला आणि खिडकीशी जाऊन विचारलं, "लागलं नाही ना कुठे?"

"नाही हो. पण मला काही दिसलंच नाही. रस्ता नाही, भिंत नाही, तुम्ही नाही. नुसतं पांढरं."

हे मात्र ताईंच्या काळजाला लागलं. समोर त्यांच्याऐवजी कुणी पोर असतं तर? भाऊ नसता आणि त्याचा ब्रेक नसता तर? त्यांनी बेकरीवाल्याच्या खांद्याला हात लावून निखालस माफी मागितली. खोकी उचलायला लागल्या. भाऊ तिथेच उभा राहून फर्मान काढत होता.

"उद्यापासून सायकल बंद. भंगारात देतो मी ती."

ताई हातातलं खोकं खाली ठेवून सरळ उभ्या राहिल्या.

"दिव्याची चूक माझी. ती मी उद्या निस्तरते. सायकल माझी आहे आणि ती चालणार."

"ताई, लोक काय म्हणतील? मी ड्रायव्हिंग शिकवतो आणि माझी बहीण..."

"तुझी बहीण कामाला जाते म्हणतील. दिवा खाली करीन मी, मान नाही करायची."

बेकरीवाला गाडीतून हळूच म्हणाला, "सर, आपला तास संपला का?"

दुसऱ्या दिवशी दुकानदाराने हसू दाबत दिवा परत घेतला. या वेळी ताईंनी घाई केली नाही. दुकानाच्या मागच्या अंधाऱ्या खोलीत उरलेले दोन दिवे एकेक करून भिंतीवर पाडून बघितले. एकाचा झोत गोल, टॉर्चसारखा. दुसऱ्याचा वरून सुरीने कापल्यासारखा सपाट: खाली लख्ख उजेड, रेषेच्या वर अंधार, मोटारीच्या दिव्यासारखा. दुसरा त्यांनी घेतला. दुकानदाराने हँडलवर पट्टा आवळून दिला. ताईंनी घरासमोर सायकल उभी करून कुंपणावर उजेड पाडला आणि भावजयीला समोरून चालत यायला सांगितलं. उजेड तिच्या कमरेच्या वर चढेना, तेव्हा कुठे त्या दिवा वाकवायच्या थांबल्या.

वापर अंगवळणी पडायला वेळ लागला. खांबांच्या उजेडात सर्वांत मंद, बोगद्यात मधला, पूर्ण ताकद क्वचितच. लॅबच्या जिन्याखाली सायकल लावली की दिवा काढून पर्समध्ये. एकदा चार्जिंगची वायर नीट बसलीच नव्हती. सकाळी त्यांनी बघितलं नाही आणि परतताना बोगद्याच्या अलीकडेच दिवा लाल होऊन विझला. भावाला फोन केला असता तर तो पाच मिनिटांत आला असता. ताई उतरल्या आणि सायकल हातात धरून घरापर्यंत चालत गेल्या. "उशीर झाला?" भावाने विचारलं. "हवा छान होती," ताई म्हणाल्या.

करड्या गाडीचे गृहस्थही एकदा त्याच गल्लीच्या तोंडाशी भेटले. काच खाली करून म्हणाले, "बाई, दिवा फार तेज आहे तुमचा."

ताई उतरल्या. "या, खाली उतरून बघा. तुमच्या डोळ्यांत जातोय का? नंबरपाटीवर पडतोय. रोज पडतो. पाठ झालाय मला तुमचा नंबर."

गृहस्थांनी काच वर केली. पण ते मागे सरकले, आणि आधी ताई गेल्या.

भाऊ मात्र बरेच दिवस घुम्या होता. जेवताना ताटाकडे बघून जेवायचा. मग एका संध्याकाळी त्याने शिकवणीची गाडी मोठ्या रस्त्याच्या कडेला थांबवली, शिकाऊ मुलीला इंजिन बंद करायला लावलं आणि ताई लांबून येईपर्यंत तो समोर बघत बसला. ताईंना हे माहीत नव्हतं. रात्री ताटावर बसल्यावर तो म्हणाला, "दिसतेस."

"कुठून?"

"पेट्रोल पंपापासून."

"थांबल्यावर?"

"थांबल्यावरही."

"मग?"

"मग काय! दिसतेस म्हटलं ना. आमटी वाढ."

भावजयीने तोंडाला पदर लावला आणि स्वयंपाकघरात जाऊन हसून घेतलं.

भाऊ हरला असं मात्र समजू नका. मला त्याने हे सगळं सांगितलं तेव्हा शेवटी हात जोडून म्हणाला, "तुम्हीच समजवा तिला. आता साठी उलटली. गुडघे कुरकुरतात. आज ना उद्या तोल जाईल. तेव्हा काय करणार आहे?"

मी कवळी घासून घ्यायला गेलो तेव्हा ताईंना विचारलं. त्या पॉलिशच्या चाकावर वाकल्या होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "तीन चाकांची सायकल असते. बघून आलेय मी. फक्त लाल रंगात मिळते म्हणाला दुकानदार." चाक थांबवून त्यांनी माझी कवळी उजेडाकडे धरली, फुंकर मारली आणि माझ्या हातात दिली. "लाल तर लाल. भावाला सांगा, अजून लांबून दिसेन."